नमुना अजून मंगळावरच आहे

‘मंगळावर जीवसृष्टी सापडली’ ही बातमी गेल्या सव्वाशे वर्षांत निदान चार-पाच वेळा छापून आली आहे. दर वेळी पहिल्या पानावर. मग काही महिन्यांनी, कधी काही वर्षांनी, आतल्या पानावर दोन परिच्छेद येतात की अजून नक्की काही सांगता येत नाही. सप्टेंबर २०२५ मध्ये नासाच्या पर्सिव्हिअरन्स गाडीला सापडलेल्या ठिपकेदार दगडाची बातमी आली तेव्हाही हेच झालं. चॅनेलवाल्यांनी हिरवे एलियन नाचवले, आणि माझ्याकडे मेसेज आले, “भाऊ, खरं आहे का हे?” हो किंवा नाही असं उत्तर देता येत नाही, म्हणून ही पोस्ट. लांब आहे, सवडीने वाचा.

मंगळ म्हटलं की आपल्याकडे आधी पत्रिका निघते आणि कुणाचं तरी लग्न अडतं. तो मंगळ बाजूला ठेवू. मी बोलतोय ते दुर्बिणीतून दिसणाऱ्या मंगळाबद्दल, आणि सुरुवात इटलीतल्या मिलान शहरापासून करावी लागते.

१८७७ साली मंगळ पृथ्वीच्या बराच जवळ आला होता. त्याच वर्षी वॉशिंग्टनमध्ये असाफ हॉलने मंगळाचे दोन चंद्र शोधले. मिलानच्या ब्रेरा वेधशाळेत जोव्हान्नी शियापारेली मंगळाचा नकाशा काढत बसला होता. त्याला तांबूस पृष्ठभागावर बारीक गडद रेषा दिसल्या. त्याने त्यांना ‘कानाली’ म्हटलं. इटालियनमध्ये या शब्दाचा अर्थ चर, ओघळ, पाण्याची वाट असा कसाही होतो. इंग्रजीत जाताना त्याचा ‘कॅनल’ झाला, म्हणजे कालवा.

खेड्यातल्या माणसाला हा फरक समजावून सांगावा लागत नाही. ओढा आपोआप होतो. पाट कुणीतरी काढावा लागतो. पाट दिसला की तो काढणारा माणूस, त्याचं शेत, त्याची पाळी, त्यावरून होणारी भांडणं, सगळं पाठोपाठ आलंच. सुएझ कालवा १८६९ मध्ये खुला झाला होता, कालवा म्हणजे प्रगतीची खूण असं सगळ्या जगाच्या डोक्यात ताजं होतं. अशा वेळी भाषांतरातल्या एका शब्दाने मंगळावर माणसं वसवली.

शियापारेली स्वतः जपून बोलणारा होता. खरा कारखाना उघडला तो अमेरिकेतल्या पर्सिव्हल लोवेलने. बॉस्टनच्या गर्भश्रीमंत घरातला, हार्वर्डला गणित शिकलेला, जपानवर पुस्तकं लिहिलेला हा माणूस. त्याने १८९४ मध्ये ॲरिझोनातल्या फ्लॅगस्टाफला स्वतःच्या पैशाने वेधशाळा बांधली. हवा कोरडी, आकाश स्वच्छ, दुर्बीण उत्तम. रात्रीमागून रात्री बसून त्याने शेकडो कालव्यांचे नकाशे काढले. त्याची कथा अशी: मंगळ सुकत चालला आहे, तिथले शहाणे लोक ध्रुवावरचं बर्फ वितळलं की ते पाणी कालव्यांनी विषुववृत्ताकडे आणतात आणि शेती करतात. १८९५, १९०६ आणि १९०८ अशी तीन पुस्तकं त्याने यावर लिहिली, आणि भाषणांना गर्दी व्हायची. मी त्याला लबाड म्हणणार नाही. त्याला जे दिसलं ते तो प्रामाणिकपणे काढत होता. फक्त आपल्याला दिसतंय ते डोळ्यांना दिसतंय की मनाला, हे त्याने कधी तपासलं नाही.

त्या काळात हा विश्वास किती पक्का होता याचा एक नमुना सांगतो. १९०० च्या सुमारास पॅरिसमध्ये एका श्रीमंत बाईंच्या मृत्युपत्रातून एक लाख फ्रँकचं बक्षीस जाहीर झालं. दुसऱ्या एखाद्या ग्रहाशी संपर्क साधून उत्तर मिळवणाऱ्याला ते द्यायचं होतं. त्यातून मंगळ वगळला होता, कारण मंगळाशी बोलणं हे फारच सोपं काम धरलं गेलं होतं! आणि १९११ मध्ये न्यूयॉर्क टाइम्ससारख्या पेपरने रविवारच्या अंकात मोठी बातमी लावली की मंगळवासीयांनी दोन वर्षांत दोन प्रचंड कालवे खोदले. आपल्याकडचे रखडलेले कालवे पाहता या बातमीचा हेवाच वाटतो.

पण तपासणारे त्या काळीही होते, आणि मला त्यांची गोष्ट जास्त आवडते. ग्रिनिचच्या वेधशाळेतला एडवर्ड मॉंडर याने एक साधा प्रयोग केला. त्याचा निष्कर्ष १९०३ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याने शाळेतल्या मुलांना वर्गात वेगवेगळ्या अंतरांवर बसवलं आणि समोर मंगळाचं एक चित्र टांगलं. चित्रात कालवे नव्हते, नुसते ठिपके आणि छटा. मुलांना सांगितलं, दिसतंय तसं काढा. मधल्या अंतरावरच्या मुलांनी ठिपके जोडून सरळ रेषा काढल्या. म्हणजे कालवे मंगळावर नव्हते, डोळा आणि कागद यांच्या मधे कुठेतरी होते. खर्च किती आला असेल? खडू आणि कागद.

१९०७ मध्ये आल्फ्रेड रसेल वॉलेसने, म्हणजे डार्विनसोबत नैसर्गिक निवडीचा सिद्धांत मांडणाऱ्या त्याच वॉलेसने, वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षी लोवेलच्या विरोधात एक छोटं पुस्तक लिहिलं. मंगळ इतका थंड आहे की पाणी वाहणारच नाही, आणि हजारो मैल उघड्या वाळवंटातून उघडे कालवे नेणाऱ्याला शहाणा म्हणता येणार नाही, असा त्याचा रोखठोक हिशेब होता. १९०९ मध्ये फ्रान्सच्या म्यूदों इथल्या मोठ्या दुर्बिणीतून आंतोनियादीने पाहिलं, तर रेषा विरघळून वेडेवाकडे डाग दिसले. शास्त्रज्ञांपुरतं प्रकरण तिथेच जवळजवळ संपलं. लोकांपुरतं संपायला आणखी छप्पन्न वर्षं लागली.

मधल्या काळातली एकच गोष्ट सांगतो, कारण ती आमच्या धंद्याची आहे. ३० ऑक्टोबर १९३८ ला अमेरिकेत रेडिओवर ऑर्सन वेल्सचं मंगळवासीयांच्या हल्ल्याचं नाटक झालं आणि लाखो लोक घाबरून रस्त्यावर धावले, असं आपण सगळ्यांनी वाचलंय. अलीकडे अभ्यासकांनी खणून काढलं की तेवढी घबराट झालीच नव्हती. ती मुख्यतः दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रांत झाली. रेडिओ तेव्हा पेपरवाल्यांच्या जाहिराती खात होता, त्यामुळे रेडिओ किती बेजबाबदार आहे हे दाखवायची संधी कुणी सोडली नाही. हे वाचून कुणाला आजच्या पेपर, टीव्ही आणि सोशल मीडियाच्या भांडणाची आठवण झाली तर माझा नाइलाज आहे.

आता १९६५. जुलैच्या मध्यावर मरिनर ४ हे अमेरिकेचं यान मंगळाजवळून गेलं. आज आपण शेतात उभं राहून व्हिडिओ कॉल करतो, म्हणून पुढचा आकडा नीट वाचा. हे यान सेकंदाला साधारण आठ बिट पाठवत होतं. एक चित्र दोनशे बाय दोनशे ठिपक्यांचं, आणि ते पृथ्वीवर यायला सुमारे आठ तास. कॅलिफोर्नियात बसलेल्या इंजिनिअरांना धीर धरवेना. त्यांनी येणाऱ्या आकड्यांच्या कागदी पट्ट्या भिंतीवर शेजारी शेजारी चिकटवल्या आणि रंगीत खडूंनी, अमुक आकड्याला अमुक रंग असं ठरवून, हाताने रंगवल्या. मंगळाचं जवळून घेतलेलं पहिलं चित्र असं लहान मुलाच्या रंगवहीसारखं तयार झालं. ते आजही तिथे जपून ठेवलंय.

एकूण एकवीस चित्रं आली. त्यात कालवा एकही नव्हता. चंद्रावर असतात तशी विवरं होती, आणि हवा पृथ्वीच्या एक टक्क्याहूनही विरळ. लगेच उलटी बातमी झाली: मंगळ मेलेला आहे.

ही घाईही तितकीच चुकीची निघाली. त्या एकवीस चित्रांत मंगळाचा जेमतेम एक टक्का भाग होता. नोव्हेंबर १९७१ मध्ये मरिनर ९ मंगळाभोवती फिरू लागलं तेव्हा संपूर्ण ग्रहावर धुळीचं वादळ होतं. यानाने काही आठवडे वाट पाहिली. त्याच वादळात सोव्हिएत युनियनचं मार्स ३ उतरलं, अलगद उतरणारं पहिलं यान, आणि काही सेकंद संदेश देऊन कायमचं गप्प झालं. धूळ बसली तसं मरिनर ९ ला दिसायला लागलं: एव्हरेस्टच्या अडीचपट उंच ज्वालामुखी, चार हजार किलोमीटर लांब दरी, आणि कोरड्या पडलेल्या नद्यांची पात्रं. म्हणजे शियापारेलीच्या मूळ शब्दातले ओघळ मंगळावर होतेच. फक्त त्याने रेघा मारल्या त्या जागी नव्हते.

नद्या होत्या तर पाणी होतं. पाणी होतं तर बाकी काही होतं का? या प्रश्नावर व्हायकिंग निघालं, आणि इथे मला जरा थांबायचंय, कारण या सगळ्या इतिहासाची गाठ इथे आहे.

व्हायकिंग १ हे २० जुलै १९७६ ला उतरलं, व्हायकिंग २ हे ३ सप्टेंबरला. दोघांकडे मातीत जिवाणू शोधणारे तीन प्रयोग होते. त्यातल्या एकाचा कर्ता गिल्बर्ट लेव्हिन. हा माणूस मूळचा सॅनिटरी इंजिनिअर, म्हणजे पिण्याचं पाणी आणि सांडपाणी यातला. पिण्याच्या पाण्यात जंतू आहेत का हे लवकर कळावं म्हणून त्याने एक युक्ती काढली होती: जंतूंना किरणोत्सारी कार्बन मिसळलेलं खाद्य द्यायचं. त्यांनी ते खाल्लं तर ते वायू सोडतील, आणि त्या वायूतला किरणोत्सार मोजता येईल. गावात गॅस्ट्रोची साथ आली की विहिरीच्या पाण्याचं जे तपासतात, तेच काम, जरा वेगळ्या पद्धतीने. दर वेळी मंगळाची बातमी टाकली की खाली एक कमेंट येतेच, “इथे प्यायला पाणी नाही अन् हे मंगळावर पाणी शोधतायत.” त्या भावांना एवढंच सांगतो की मंगळावरचा हा प्रयोग पिण्याच्या पाण्याच्या तपासणीतूनच निघाला होता.

मंगळाच्या मातीवर खाद्याचे थेंब पडले आणि वायू निघाला. चांगला भरपूर. मग तीच माती १६० अंशांवर तापवून पुन्हा प्रयोग केला. वायू निघाला नाही. जिवाणू उष्णतेने मरतात तसंच. उड्डाणापूर्वी ठरवलेल्या निकषांप्रमाणे हा निकाल ‘जीव आहे’ असाच होता.

पण दोन गोष्टी बसत नव्हत्या. त्याच मातीला दुसऱ्यांदा खाद्य दिलं तेव्हा नवा वायू निघाला नाही. जिवाणू असते तर तोवर वाढले असते, आणखी खाल्लं असतं. दुसरं म्हणजे शेजारच्या यंत्राने मातीत कार्बनी पदार्थ शोधले, आणि त्याला काहीच सापडलं नाही. सापडले ते क्लोरिनयुक्त वायूंचे किंचित अंश, तेही यंत्र साफ करताना पृथ्वीवर वापरलेल्या द्रवाचे असावेत असं म्हणून बाजूला काढले. प्रेत नाही तर खून कसला, असा हा युक्तिवाद. बहुतेक शास्त्रज्ञांनी निष्कर्ष काढला की मंगळाच्या मातीतलं एखादं तिखट रसायन वायू सोडतंय, जीव नाही. लेव्हिनने ते शेवटपर्यंत मान्य केलं नाही. २०२१ मध्ये, सत्त्याण्णवाव्या वर्षी तो गेला, तोवर तो म्हणत राहिला की आम्हाला १९७६ मध्येच जीव सापडला होता.

मग २००८ मध्ये फिनिक्स यान मंगळाच्या उत्तर भागात उतरलं आणि त्याला मातीत परक्लोरेट सापडलं. फटाक्यांत आणि रॉकेटच्या इंधनात वापरतात तो क्षार. थंडीत तो गप्प असतो, तापवला की आसपासचे कार्बनी पदार्थ जाळून टाकतो आणि मागे क्लोरिनयुक्त वायू उरतात. व्हायकिंगच्या यंत्राने माती तापवूनच तपासली होती! २०१० मध्ये काही शास्त्रज्ञांनी चिलीच्या वाळवंटातल्या मातीत परक्लोरेट मिसळून तापवून दाखवलं, आणि व्हायकिंगला सापडले होते तसेच वायू निघाले. म्हणजे कदाचित तपासण्याच्या पद्धतीनेच पुरावा जाळला होता. लक्षात घ्या, यातून लेव्हिन बरोबर ठरत नाही. कार्बनी पदार्थ उल्कांमधूनही येतात, आणि वायू सोडायला परक्लोरेटची रसायनंही पुरतात. पण ‘काही नाही’ हा निकाल मात्र कच्चा ठरला. बत्तीस वर्षांनी.

आणि या कच्च्या निकालाची किंमत मोजावी लागली. व्हायकिंगनंतर मंगळावर पुढचं यान उतरायला १९९७ उजाडलं. थेट जिवंत जिवाणू शोधणारा प्रयोग तर त्यानंतर आजपर्यंत कुणी तिथे नेलेलाच नाही. पन्नास वर्षं होत आली.

मधल्या काळात दगडच आपण होऊन आला. अंटार्क्टिकाच्या ॲलन हिल्स भागात डिसेंबर १९८४ मध्ये जवळपास दोन किलोचा एक अशनी सापडला. तो मंगळाचा आहे हे कळायला काही वर्षं गेली. मंगळावर काहीतरी आदळलं, तुकडा उडाला, दीड कोटी वर्षांहून जास्त काळ अवकाशात फिरला आणि सुमारे तेरा हजार वर्षांपूर्वी बर्फात पडला. ऑगस्ट १९९६ मध्ये डेव्हिड मॅके आणि सहकाऱ्यांनी जाहीर केलं की या दगडात प्राचीन सूक्ष्मजीवांच्या खुणा असाव्यात. राष्ट्राध्यक्ष क्लिंटन स्वतः माध्यमांसमोर येऊन बोलले. सूक्ष्मदर्शकातला तो अळीसारखा आकार जगभर छापला गेला. पत्रकार परिषदेच्या त्याच मंचावर विल्यम शॉफ नावाचे जीवाश्मतज्ज्ञही बसवले होते आणि त्यांनी तिथल्या तिथे सांगितलं की हा पुरावा पुरेसा नाही. मला नासाचं हे वागणं फार आवडतं. आपल्याकडे एखाद्या खात्याच्या पत्रकार परिषदेत, खात्याचा दावा खोडणारा माणूस खात्यानेच बोलावून मंचावर बसवलाय, असं मी आजवर पाहिलेलं नाही.

पुढे त्या दगडातल्या एकेका खुणेला निर्जीव रसायनाचं स्पष्टीकरण मिळत गेलं. पण दगड हातात होता म्हणून ते मिळालं. जगभरातल्या प्रयोगशाळांनी तुकडे वाटून घेतले, नवी यंत्रं आली तशी पुन्हा पुन्हा तपासणी केली, पुन्हा पुन्हा भांडण केलं. व्हायकिंगच्या मातीबाबत हे करता येत नाही, ती माती तिथेच राहिली.

भारताचं नाव या इतिहासात २०१३ ला येतं. ५ नोव्हेंबरला श्रीहरिकोट्याहून मंगळयान निघालं, २४ सप्टेंबर २०१४ ला पहिल्याच प्रयत्नात मंगळाच्या कक्षेत गेलं. खर्च साडेचारशे कोटी. किलोमीटरला सात रुपये, रिक्षापेक्षा स्वस्त, हा पंतप्रधानांचा हिशेब सगळ्यांना पाठ आहे. पुढे ते दोन हजारांच्या नोटेवर आलं आणि नोटेबरोबर गेलंही. सहा महिन्यांसाठी पाठवलेलं यान २०२२ पर्यंत टिकलं, याचा अभिमान मला आहेच. पण त्यावर मिथेन मोजणारं एक उपकरण होतं, आणि त्याचं काय झालं हे कुणी विचारत नाही. जिवाणू मिथेन सोडतात, म्हणून त्या उपकरणावर जगाचं लक्ष होतं. त्यातून मिथेनचा निकाल आला नाही. मंगळाचा पृष्ठभाग किती प्रकाश परत फेकतो याचा नकाशा करायला त्याची माहिती वापरली गेली. हे सांगणं म्हणजे देशद्रोह नव्हे. मिथेनने सगळ्यांनाच चकवलंय. नासाच्या क्युरिऑसिटी गाडीला जून २०१९ मध्ये हवेत मिथेन एकदम वाढलेला दिसला. आणि मुद्दाम मिथेन शोधायला पाठवलेल्या युरोप-रशियाच्या यानाला वरून पाहताना काहीच सापडलं नाही. दोन्ही उपकरणं उत्तम. हा तिढा अजून सुटलेला नाही.

आता आपल्या बुलढाणा जिल्ह्यात येऊ. उगाच अभिमानासाठी नाही, नमुना हातात असण्याचा अर्थ इथे सगळ्यात स्पष्ट दिसतो म्हणून. लोणारचं विवर आपल्या काळ्या दगडात, बेसॉल्टमध्ये पडलेलं आहे. जगात अशी चांगली टिकलेली विवरं फार थोडी. मंगळाचा पृष्ठभागही बराचसा बेसॉल्टचाच, म्हणून मंगळावर काम करणारे लोक लोणारचे दगड अभ्यासतात. मंगळावर लोणार नावाचं एक विवरही आहे. छोट्या विवरांना पृथ्वीवरच्या छोट्या गावांची नावं देण्याची पद्धत आहे, त्यातून हे नाव गेलं. आपल्या पुणे जिल्ह्यातलं भोरही तिथे आहे.

लोणार ज्वालामुखीचं की उल्केचं, हा वाद दीडशे वर्षं चालला. १८२३ मध्ये अलेक्झांडर नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने त्याची नोंद केली, आणि नक्की उत्तर आलं १९७३ मध्ये, खाली भोकं पाडून काढलेले दगड प्रयोगशाळेत तपासल्यावर. प्रचंड धक्का बसल्याशिवाय तयार होत नाही अशी काच त्यात सापडली. वय आधी सुमारे पन्नास हजार वर्षं धरायचे. २०११ मध्ये वेगळ्या पद्धतीने मोजलं तर पाच लाख सत्तर हजार आलं. दहापटीहून जास्त फरक! तेही एसटीने जाता येतं त्या जागेबद्दल.

आणि जून २०२०. लॉकडाऊनमध्ये सरोवराचं पाणी गुलाबी झालं. आठवतं ना? कुणी म्हणे अवकाशातून काही पडलं, कुणी म्हणे भूगर्भात हालचाल, कुणी म्हणे देवीचा कोप. व्हॉट्सॲपवर तर खूप काही. वनखात्याने बाटल्या भरून पाण्याचे नमुने पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेत आणि नागपूरच्या नीरीत पाठवले. काही आठवड्यांत आघारकरच्या लोकांनी सांगितलं: खारट पाण्यात वाढणारे हॅलोआर्किया नावाचे सूक्ष्मजीव आहेत, गुलाबी रंग त्यांचा आहे. पाणी न हलवता ठेवलं तर ते खाली बसतात आणि वरचं पाणी स्वच्छ होतं. वाद मिटला.

एक बाटली, एक गाडी आणि पुण्याची प्रयोगशाळा. मंगळाच्या बाबतीत नेमकं एवढंच झालेलं नाही.

आता त्या ठिपकेदार दगडाकडे येतो. पर्सिव्हिअरन्स गाडी १८ फेब्रुवारी २०२१ ला जेझेरो नावाच्या विवरात उतरली. अब्जावधी वर्षांपूर्वी तिथे तळं होतं आणि एक नदी त्याला येऊन मिळत होती. जुलै २०२४ मध्ये त्या जुन्या नदीच्या पात्रात गाडीला साधारण मीटरभर लांबीचा, बाणाच्या टोकासारखा एक दगड दिसला. त्यावर बिबट्याच्या अंगावर असतात तसे ठिपके: मधे फिकट, कडेला गडद. ठिपक्यांत लोह, फॉस्फरस आणि गंधकाची अशी खनिजं, जी पृथ्वीवर अनेकदा गाळातले सूक्ष्मजीव तयार करतात. जवळच कार्बनी पदार्थही. दगडाला नाव दिलं शेयाव्हा फॉल्स. वर्षभर तज्ज्ञांनी एकमेकांचे दावे तपासले आणि १० सप्टेंबर २०२५ ला ‘नेचर’ या नियतकालिकात लेख आला. त्यातला शब्द आहे संभाव्य जैवखूण. अशीच खनिजं जिवाशिवायही तयार होऊ शकतात, फक्त त्यासाठी लागणारी उष्णता किंवा आम्लता त्या दगडाने सोसल्याचं दिसत नाही, एवढंच ते लोक म्हणतात. नासाच्या काही शास्त्रज्ञांनी २०२१ मध्ये अशा दाव्यांसाठी सात पायऱ्यांची पट्टी सुचवली होती. पहिली पायरी म्हणजे खूण दिसली. सातवी म्हणजे खात्री. शेयाव्हा फॉल्स खालच्या पायरीवर उभा आहे. चॅनेलांनी त्याला थेट सातवीवर नेऊन बसवलं.

मग मधल्या पायऱ्या चढायच्या कशा? तो दगड इथे आणून. गाडीने त्याला भोक पाडून खडूएवढा एक तुकडा काढला, नळीत घालून सीलबंद केला. त्या नमुन्याचं नाव सॅफायर कॅन्यन. गाडी पाठवतानाच ठरलं होतं की असे नमुने जमवायचे, आणि मागून येणारं दुसरं यान ते उचलून पृथ्वीवर आणेल. ते दुसरं यान कुठे आहे? कागदावर. २०२३ मध्ये स्वतंत्र समितीने हिशेब केला तर खर्च आठ ते अकरा अब्ज डॉलर निघाला. अकरा अब्ज म्हणजे आपले नव्वद हजार कोटींच्या पुढे. २०२४ मध्ये नासानेच कबूल केलं की या योजनेने नमुने यायला २०४० उजाडेल आणि एवढा पैसा परवडणार नाही. मे २०२५ मध्ये व्हाइट हाउसने मांडलेल्या खर्चाच्या प्रस्तावात ही मोहीम बंदच करावी असं सुचवलं गेलं. दगडाचा लेख त्यानंतर चार महिन्यांनी आला.

खर्च फार आहे हे मला मान्य आहे. आपल्या तालुक्यात पाणीयोजनेचा अंदाजखर्च दुप्पट झाला तर मीही बातमी करतो, ग्रामसभेत प्रश्न विचारतो. पण पाइप अंथरून झालेत, टाकी बांधून झालीय आणि फक्त नळजोडणी राहिलीय, अशा वेळी योजना बंद करणं याला काटकसर म्हणत नाहीत. नमुना घेणं हा या कामातला अवघड भाग होता आणि तो झालेला आहे.

चीनने आपली वेगळी मोहीम जाहीर केली आहे. त्यांचं त्येनवेन-३ साधारण २०२८ मध्ये निघून २०३१ च्या सुमारास मंगळाची माती आणणार आहे, दोन मीटर खोल खणून. झालं तसं, तर पहिली बाटली त्यांची. पण ती दुसऱ्या जागेची असेल. ठिपकेदार दगडाचं उत्तर त्यातून मिळेलच असं नाही.

म्हणून ज्यांनी विचारलं, “भाऊ, खरं आहे का?” त्यांना सांगतो: खूण खरी आहे, जीव आहे की नाही हे माहीत नाही, आणि माहीत करून घेण्याचा रस्ता माहीत आहे. पर्सिव्हिअरन्सने २०२२-२३ च्या हिवाळ्यात दहा नळ्या खबरदारी म्हणून एका सपाट जागी जमिनीवर मांडून ठेवल्या आहेत, गाडी बंद पडली तरी कुणाला तरी उचलता याव्यात म्हणून. सॅफायर कॅन्यनची नळी त्या दहांत नाही, ती नंतर भरली. ती अजून गाडीच्या पोटात आहे.